घडी मोडणारी

कार्डिफमध्ये, स्प्लॉटच्या एका गोदामात
पहिल्याच दिवशी ग्लेनिस प्रोथरोने माझ्या हातात
एक कोरा कोट दिला, आणि किसणी.
म्हणाली, याला वीस वर्षांचा कर. जेवणाआधी.

मी तोवर नवं कापड म्हटलं की
कोपऱ्याला कुंकवाचं बोट लावणारी.
कोपरावर किसणी फिरवताना
काटा आला तो माझ्याच अंगावर.
मग कळत गेलं:
कोट भिजवून, खिशांत वाळू भरलेले मोजे घालून
रात्रभर टांगला, की कापड सकाळी
माणसाच्या हातांच्या ओझ्याने लोंबतं.
गळपट्टीला मेण, बाह्यांना कोऱ्या चहाचं पाणी,
वरून मुलतानी माती.
आमच्याकडे ती नवरीच्या गालांना लावायचे.
इथे, खाणीत दबून मेलेल्यांना.

तेहतीस वर्षं मग हेच.
मंगळवार रात्रीची इस्पितळाची मालिका,
एकशे चौदा एप्रन, रक्त दोन प्रकारचं:
ताजं, आणि दुपारी वाळलेलं.
कुणाची बाही किती दुमडलेली,
कुठलं बटण उघडं, सगळ्याचे फोटो, सगळ्याची वही,
कारण नट दार उघडतो मार्चमध्ये
आणि उंबऱ्याबाहेर पाऊल टाकतो जूनमध्ये,
आणि बघणाऱ्याला वाटायला हवं
की मधे एक श्वाससुद्धा गेला नाही.

मापात पाप मीही केलं.
एका मोठ्या नटाच्या कमरेला दोन इंच सोडले
आणि कागदावर मागच्या वर्षीचाच आकडा ठेवला.
तो खूश. शिवणही.

एकदा नामांकन आलं.
टिपणीसमधल्या ण-वर निवेदक अडखळला
आणि पुढे स-पर्यंत पोचलाच नाही.
जिंकली ती दुसरी. मी मनापासून टाळ्या वाजवल्या,
तिच्या झग्याची पाठ आतून चार चिमट्यांनी
ओढून धरलीय, हे बघत.

अच्युत बस डेपोत हिशेब बघायचा.
एकोणीस हिवाळे एकच राखाडी कोट.
पिशवीच्या ओझ्याने उजवा खांदा उतरलेला,
खिशाच्या कडेला पुदिन्याच्या गोळ्यांचा पांढुरका भुगा.
त्या कोटाला मी कधी किसणी लावली नाही.
मला वाटायचं, काळ फार हळू काम करतो,
आमच्या खात्यात टिकला नसता.

तो गेल्यावर कोट आठ महिने कपाटात.
मग भाड्याच्या कपड्यांच्या गोदामात मीच देऊन आले.
पुरुष, हिवाळी, छाती चाळीस.
तिथल्या प्रत्येक कोटाच्या आत
आधीच्या नटांच्या नावांच्या पट्ट्या असतात, एकीवर एक टाचलेल्या.
याच्या अस्तरावर नाव नव्हतं.
मुलगी म्हणाली, वा, किती छान जुना केलाय, कुणी केला?
मी म्हटलं, होता होता झाला.

परवा, पेनार्थला, जेवण मांडीवर घेऊन बसलेले.
कसलीशी खुनाची मालिका.
दोन पोलीस पुलावर बोलत उभे,
मागून एक माणूस गेला.
नाव नसलेला, संवाद नसलेला. चार सेकंद.
उजवा खांदा दीड इंच खाली.

कॅमेरा फिरला. तोच पूल, तेच पोलीस,
तोच माणूस परत,
आणि आता वरचं बटण लावलेलं.

चुकलं. कुणीतरी फोटो बघितला नाही,
किंवा थंडीने कुडकुडताना बघून
कुणा नवशिकीला दया आली असेल.
ते बटण कधीच लागायचं नाही.
काज मी हाताने केलं होतं, लग्नानंतरच्या वर्षी,
घट्ट झालं, तर तो म्हणाला, राहू दे,
वारा लागतो तेवढाच.

भात गार झाला.
मी खणातून वही काढली आणि लिहिलं:
दृश्य क्रमांक माहीत नाही.
कोट राखाडी, लोकरी.
वरचं बटण उघडं.